जबाबाखालची ओळ

हवालदारांनी पेन माझ्या हातात दिलं, तेव्हा कोठीच्या कुलपाची किल्ली माझ्या कमरेला खोचलेली होती आणि कोठीत माझी पुतणी ज्योत्स्ना होती.

ओट्यावर सतरंजी टाकलेली. तिच्यावर माझे थोरले दीर, म्हणजे ज्योत्स्नाचे वडील, मांडी घालून बसले होते. त्यांना सगळं गाव आबा म्हणायचं. समोर हवालदार, बाजूला त्यांच्याबरोबर आलेली एक महिला शिपाई. तिच्या छातीवरच्या पट्टीवर ‘गिरी’ असं लिहिलेलं होतं. चहा पिऊन झाला होता. ऊन मोसंबीच्या बागेवर चढलं होतं.

“सही करा वहिनी,” हवालदार म्हणाले. “काही नाही, आपलं कागदोपत्री.”

कागदावर त्यांच्याच अक्षरात जबाब लिहिलेला होता, माझ्या नावानं. आमच्या घरात शर्वरी उमाकांत नावाची कोणीही स्त्री नाही, हे मी खुशीनं लिहून देते. खाली बोटभर जागा मोकळी आणि मग सहीची रेघ.

मी जन्माची भित्री आहे. पाल दिसली तरी मी खोली सोडते आणि आबांनी नुसतं घसा खाकरला तरी हातातलं भांडं खाली ठेवावं लागतं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचताना कुणाचा गैरसमज व्हायला नको. या गोष्टीला आता सतरा वर्षं झाली, आणि त्यात मी शूर होते असं कुठंही नाही.

ज्योत्स्नाची आई गेली तेव्हा ती सहा वर्षांची होती. मला मूल नाही. तिच्या वेण्या मी घातल्या, तिला न्हाऊ मी घातलं, कॉलेजात जाताना डबा मी दिला. त्याच कॉलेजच्या वाटेवर औषधाच्या दुकानात काम करणारा उमाकांत तिला भेटला. मुलगा शांत, कामसू, पण आपल्यातला नाही. एवढं एक कारण आबांना पुरलं. एका सकाळी ती घरातून गेली आणि चार दिवसांनी कळलं की लग्न लागलं. उमाकांतच्या आईनं हौसेनं सगळं रीतसर केलं होतं. ताटात तांदूळ पसरून त्यानं अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं: शर्वरी.

आबा पंधरा दिवस कुणाशी बोलले नाहीत. सोळाव्या दिवशी मला हाक मारली आणि म्हणाले, झालं ते झालं, पोरीला मांडवपरतणीला बोलव. लग्नानंतर लेक पहिल्यांदा माहेरी येते, तिची ओटी भरून, गोडधोड घालून तिला परत पाठवायची, ही आपली रीत. मला इतका आनंद झाला की मी आबांच्या पाया पडले. फोन मीच लावला. ती घाबरत होती. मी म्हणाले, अगं, मी आहे ना. उमाकांतला सुट्टी नव्हती, तो दोन दिवसांनी न्यायला येणार होता. ती एकटीच आली, माझ्यासाठी आबोली रंगाचं पातळ घेऊन. पुरणपोळी मी केली होती. ती हात धुवायला मागे गेली, आणि आबांनी तिला दंडाला धरून मोसंबीचे क्रेट ठेवायच्या कोठीत ढकललं आणि बाहेरून कुलूप लावलं. किल्ली माझ्या हातात दिली.

“सकाळ-संध्याकाळ ताट द्यायचं. मागल्या अंगणात नेऊन आणायचं. बाकी काही नाही,” ते म्हणाले. आवाज चढवला नाही. मग बागेतल्या विहिरीकडे बघत म्हणाले, “ती पळाली तर कोणाला शोधायचं नाही. ती आणि तू, दोघीही तिथं सापडाल.”

उमाकांत आला तेव्हा फाटकातच त्याला चार गड्यांनी अडवलं. पोरगी तुझं तोंड बघायला तयार नाही, असं सांगून पिटाळलं. माझे यजमान तिथंच उभे होते. ह्यांचा स्वभाव असा, की थोरल्या भावानं सूर्य पश्चिमेला उगवतो म्हटलं असतं, तर ह्यांनी पश्चिमेला तोंड करून नमस्कार घातला असता. ते खाली मान घालून उभे राहिले. मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून पाहत होते. म्हणजे मीही उभीच राहिले.

त्यानंतर बाराव्या दिवशी पोलीस आले. उमाकांतनं हायकोर्टात अर्ज केला होता. माणूस कोंडून ठेवलं असेल तर ते आणून आमच्यापुढं उभं करा, असा हुकूम मागायचा तो अर्ज. कोंडलेल्या माणसानं स्वतः करायची गरज नसते, त्याच्यासाठी दुसऱ्या कुणीही केला तरी चालतो. हे मला नंतर कळलं. पण अर्ज करताना उमाकांतनं एक चूक केली. बायकोचं नाव त्यानं हौसेनं ठेवलेलं तेच घातलं. आमच्या गावात शर्वरी कुणाला माहीत असणार? हवालदारांना सगळं ठाऊक होतं, ज्योत्स्नाला त्यांनी लहानपणापासून पाहिलेलं होतं. पण त्यांनी कागदावर बोट ठेवलं आणि विचारलं, “आबा, शर्वरी म्हणून कोणी आहे का घरात?”

“देवाच्या पायावर हात ठेवून सांगतो, या घरात शर्वरी नावाचं कोणी जन्मलं नाही,” आबा म्हणाले.

आणि ते खोटं नव्हतं. दोघंही एकमेकांकडे बघून समाधानानं हसले.

शिपाईबाईला मात्र ते पुरलं नाही. ती उठली, मागच्या अंगणात गेली आणि मोठ्यानं हाक मारली, “शर्वरी उमाकांत, इथं असाल तर आवाज द्या.” मी तिच्या मागोमाग गेले होते. कोठीचं दार आमच्यापासून दहा पावलांवर होतं. माझे कान त्या दाराला चिकटले होते. पोरी, ओरड, असं मी मनात म्हणत होते, आणि त्याच श्वासात, ओरडू नको, विहीर जवळ आहे. आतून काहीही आवाज आला नाही. बाईनं पुन्हा हाक मारली. मग माझ्याकडे पाहिलं.

“कुलूप का?” तिनं विचारलं.

“माल आहे,” मागून आबांचा आवाज आला. तोंड उघडायची वेळ माझ्यावर आलीच नाही.

घरातल्या बाईचा जबाब तरी घ्या, असा तिनं हट्ट धरला. म्हणून तो कागद, ते पेन आणि ती मोकळी जागा माझ्यापुढं आली.

मी ठरवून काही केलं नाही. सही करायला वाकले, तेवढंच. खोटं लिहून दिलं तर पाप, खरं बोलले तर विहीर. जबाबात होतं ते अक्षर न् अक्षर खरं होतं, पण पुरतं खरं नव्हतं. माझा हात आपला आपण चालायला लागला. सहीच्या वरच्या मोकळ्या जागेत मी लिहिलं: ज्योत्स्ना आहे. आणि खाली सही केली.

“वहिनी, सही करताय का माहेरी पत्र लिहिताय?” हवालदार म्हणाले. आबा हसले.

“नाव लांब आहे माझं,” मी म्हणाले. माझं नाव शालिनी आहे.

कागद शिपाईबाईनं उचलला. तिची नजर वरून खाली गेली, खाली जरा थांबली. चेहऱ्यावर काहीही उमटलं नाही. तिनं कागदाची घडी घातली आणि पिशवीत ठेवली. दोघं गाडीवर बसून निघून गेले. धुरळा खाली बसेपर्यंत मी ओट्याच्या खांबाला धरून उभी होते.

दुपारी ताट घेऊन कोठीत गेले. ज्योत्स्ना क्रेटला टेकून बसली होती. मी कुजबुजले, “ओरडली का नाहीस?”

“मला कळलंच नाही काकू,” ती म्हणाली. “शर्वरी म्हणून हाक आली. मला वाटलं दुसऱ्याच कुणाला बोलावतायत. इथं आले तेव्हा एकोणीस दिवस तर झाले होते त्या नावाला. मग लक्षात आलं, तर तोवर आबा बोलले. आबांचा आवाज आला की माझा घसा बंद होतो.”

मला तिच्यावर रागावता येईना. मलाही ह्यांनी ताटात लिहून नाव दिलं होतं, त्याला बावीस वर्षं झाली होती. सासरी आल्यावर पहिला महिनाभर मला हाक मारली की मी शेजारच्या बाईकडे बघायची. कागदावर काय लिहिलं ते मी तिला सांगितलं नाही. तिनं आशा धरली असती आणि तिच्या तोंडावर ती दिसली असती. आबांना तोंडं वाचता येत.

त्या दिवसापासून माझी जी गत झाली ती कुणाची न होवो. कागद पिशवीत होता, पिशवी ठाण्यात होती आणि ठाण्यात हवालदार होते. त्यांनी नुसती घडी उलगडली तरी संपलं. त्या बाईनं वाचलं होतं का? वाचलं असेल तर ती कुणाच्या बाजूची? फाटकाशी गाडी वाजली की मी परसात जाऊन यायची. हे विचारायचे, पोट बिघडलंय का? मी म्हणायची, हो. त्यात खोटं काहीच नव्हतं.

त्यातच आबांनी ठरवलेलं कानावर आलं. त्यांच्या बहिणीच्या गावाकडं एक बिजवर होता, पंचेचाळिशीचा. शुक्रवारी सकाळी गाडीत घालून पोरीला तिकडं न्यायचं आणि तिथंच अक्षता टाकायच्या. पहिलं लग्न कुठं आहे, शर्वरीचं झालं असेल, असं आबा ह्यांना म्हणाले. हे हसले नाहीत, पण नाहीही म्हणाले नाहीत.

तिसऱ्या दिवशी दुपारी हवालदार एकटेच आले.

मी चूल पेटवत होते. गाडी थांबलेली ऐकली आणि हातातली काडी बोटाला चटका देईपर्यंत मला सोडायचं सुचलं नाही. ते ओट्यावर आबांजवळ बसले. हळू आवाजात काहीतरी बोलायला लागले. आबांनी माझ्या दिशेनं पाहिलं. मी मनात देवाचं नाव घ्यायला गेले तर एकही देव आठवेना. आबांनी हाक मारली, “बाहेर ये जरा.”

मी गेले.

“हवालदारांच्या पोरीचं लग्न आहे,” आबा म्हणाले. “तीन क्रेट मोसंबी निवडून दे. डागी नको.”

मी कोठीचं कुलूप काढलं, ज्योत्स्नाला हातानं गप्प राहायची खूण केली आणि मोसंबी निवडायला बसले. एकेक फळ हातात घेऊन पाहत होते आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. ज्योत्स्ना न बोलता माझ्याबरोबर फळं निवडायला लागली. तिच्या हातची फळं हवालदारांच्या मांडवात गेली.

निघताना ते मला म्हणाले, “वहिनी, तुमचा कागद गेला बरं का हायकोर्टात. गिरीबाईनं स्वतः नेऊन दिला. आता मिटलं प्रकरण.”

मला रडू येतंय की हसू, हे मला कळेना. मी पदर तोंडाला लावून आत गेले.

बुधवारी सकाळी, अंघोळीचं पाणी तापत होतं तेव्हा, जिल्ह्याची गाडी आली. हवालदार नव्हते. एक साहेब होते, तिघं शिपाई आणि गिरीबाई. साहेबांनी हुकूम वाचून दाखवला. ज्योत्स्ना दिगंबर, लग्नानंतरचं नाव शर्वरी उमाकांत, हिला आज हायकोर्टापुढं हजर करावं. वडिलांनी हजर राहावं. आणि जबाब देणारी शालिनी हिलाही आणावं.

आबांनी हुकूम हातात घेतला आणि पुन्हा सावकाश वाचला. मग माझ्याजवळ आले. इतक्या जवळ, की त्यांच्या तोंडाचा तंबाखूचा वास मला आला.

“काय लिवलंस?” ते म्हणाले.

“सही केली,” मी म्हणाले.

“अजून?”

माझं तोंड उघडलं असतं तर खरंच बाहेर पडलं असतं. पण तेवढ्यात गिरीबाई मध्ये आली आणि म्हणाली, “ताई, किल्ली द्या.” मी किल्ली दिली. ज्योत्स्ना बाहेर आली तेव्हा उन्हानं तिचे डोळे मिटत होते. आम्हा दोघींना पोलिसांच्या गाडीत बसवलं. आबा आणि हे मागून आमच्या जीपमध्ये आले. सगळ्या वाटेनं मागच्या काचेत आबांचा चेहरा दिसत होता. ज्योत्स्नानं माझा हात धरला होता. तिला वाटत होतं ती मला धीर देतेय, आणि खरं म्हणजे देतच होती.

कोर्टात दोन न्यायाधीश उंचावर बसले होते. त्यातले थोरले साहेब बोलत होते. उमाकांत पहिल्या बाकाशी उभा होता, गालफडं बसलेली. ज्योत्स्नाला पाहून तो पुढं यायला लागला तर त्याच्या वकिलानं त्याला धरून ठेवलं. सरकारी वकिलानं माझा जबाब वाचला आणि शेवटी जरा थांबून ती ओळही वाचली. मागं कुणीतरी हसलं.

“हे कुणी लिहिलं?” साहेबांनी विचारलं.

माझ्या मागं, दोन हातांवर, आबा उभे होते. त्यांना आता समजलं. त्यांच्या श्वासाची लय बदललेली मला पाठीला कळली.

“मी,” मी म्हणाले.

“का लिहिलं?”

“नुसती सही करायची भीती वाटली, साहेब.”

“आणि हे लिहायची?”

“तीही वाटली.”

साहेब हसले नाहीत. ज्योत्स्नाला ते आपल्या खोलीत घेऊन गेले, एकटीला. आबांनी वाटेत तिला पढवायचं ठरवलेलं सगळं त्यांच्या पोटातच राहिलं. मी बाहेर बाकावर बसले. आबा समोरच्या भिंतीशी उभे राहून माझ्याकडे बघत होते. डोळे मिटतात की नाही, कोण जाणे. ती आत काय सांगेल याची मला खात्री नव्हती. बापाचा आवाज आला की जिचा घसा बंद होतो, ती पोर बाप दाराबाहेर उभा असताना काय सांगणार? वडिलांकडे जाते म्हणाली, तर शुक्रवार होता. आणि मग माझी त्या घरात गरज उरली नसती. मी देवळात बसावं तशी हात जोडून बसले, कुणाला जोडले होते ते मला माहीत नव्हतं.

पुन्हा सगळ्यांना आत बोलावलं. साहेबांनी सगळ्यांसमोर तिला विचारलं, “तू सज्ञान आहेस. तुला कुठं जायचंय ते तूच सांगायचं. कुणाकडे बघू नकोस.”

ज्योत्स्नानं मात्र बघितलं. वळून थेट आबांकडे बघितलं, आणि म्हणाली, “माझ्या नवऱ्याकडे. उमाकांतकडे.” आवाज घोगरा होता, पण अख्ख्या कोर्टानं ऐकला.

साहेबांनी हुकूम सांगितला. तिला कुणी अडवायचं नाही. घरापर्यंत पोलीस जातील. आबांनी तिच्या वाटेला जायचं नाही, तसं लिहून द्यायचं. उमाकांत मोकळेपणानं रडायला लागला. मी पदरानं तोंड पुसलं. माझं काम झालं, असं मला वाटलं.

साहेब कागद बाजूला ठेवता ठेवता थांबले.

“बाई, तुम्ही त्याच घरी परत जाणार?”

“हो साहेब.”

“तिथं जायची भीती वाटते का?”

आबांनी घसा खाकरला. अगदी हळू, कुणाच्या लक्षातही आलं नसतं. हे त्यांच्या शेजारी उभे होते, फरशीकडे बघत. बावीस वर्षांचा संसार माझ्या पाठीमागं उभा होता आणि मला एकाच शब्दाचं उत्तर येत होतं.

“नाही, साहेब,” मी म्हणाले.

साहेबांनी मान हलवली आणि पुढचा कागद ओढला.

“वाटते, साहेब.” ज्योत्स्ना बोलली. गिरीबाई तिला दाराकडे नेत होती, ती तिथून परत फिरली होती. “काकू खोटं बोलतीय. तिला लई भीती वाटते. तिच्यासाठी अर्ज कुणी करायचा? मी केला तर चालतो का?”

सरकारी वकील काहीतरी म्हणायला लागले. साहेबांनी हात वर करून त्यांना थांबवलं. मग ते माझ्याकडे वळले. त्यांना घाई नव्हती.

“तिनं तुमच्यासाठी सांगितलं,” ते म्हणाले. “आता तुम्ही सांगा.”

मी ह्यांच्याकडे पाहिलं. ह्यांनी मान वर केली नाही. मग मी पुढं पाहिलं.

“वाटते,” मी म्हणाले.

आवाज इतका बारीक निघाला की साहेबांनी पुन्हा विचारलं. दुसऱ्यांदा मी मोठ्यानं सांगितलं.